विद्युत्-अभियंते अरुण फडके

३१ जुलै २०१२ रोजी भर दुपारी एक वाजता उत्तर, पूर्व आणि ईशान्य भारतातील वीज एकाएकी गेली. आदल्याच दिवशी, म्हणजे ३० जुलैच्या पहाटे अडीचच्या सुमारास, एकट्या उत्तर भारतात हाच प्रकार घडून गेला होता. परंतु दुसऱ्या दिवशीच्या अंधाराची व्याप्ती कितीतरी मोठी होती. ज्या प्रदेशांत साठ कोटींहून अधिक लोकांची वस्ती आहे, ते प्रदेश काही तास विजेवाचून राहिले. आगगाड्या रुळांवर जागच्या जागी उभ्या राहिल्या, दिल्लीची मेट्रो थांबली, आणि बंगालमधील कोळशाच्या खाणींत कामगार अडकून पडले. सुदैवाने ते पुढे सुखरूप वर आले.

त्या दुपारी बेळगाव, सांबरा, निपाणी येथील दिवे मात्र चालू होते. निपाणीच्या पुढे सरहद्द ओलांडली की लागणाऱ्या कागलमधील आणि कोल्हापुरातील दिवेही चालू होते. गंमत अशी की, या दोन्ही बाजू वाचल्या त्या निरनिराळ्या कारणांनी. कोल्हापूर पश्चिम भारताच्या जाळ्यात होते. ते जाळे उत्तरेशी जोडलेले होते. पण ऐन वेळी त्यापासून तुटून अलग झाले, म्हणून तगले. बेळगाव दक्षिणेच्या जाळ्यात होते, आणि हे जाळे मुळातच बाकीच्या देशाशी एका ठेक्यात चालत नव्हते. कोल्हापूर आणि बेळगाव, कोल्हापूर आणि चिकोडी यांच्यामध्ये मनोरे उभे होते, तारा ओढलेल्या होत्या. पण त्यांतून वीज घ्यायची तर एका बाजूचा तुकडा आपल्या जाळ्यातून सोडवून दुसऱ्या बाजूस जोडावा लागे. दोन्ही बाजू एकदम जोडण्याची सोय नव्हती. नकाशावरील सीमेचा वाद या भागात लहान मुलालाही ठाऊक आहे. विजेची ही सीमा मात्र फारशी कोणाच्या ध्यानात आली नाही.

दोन्ही दिवशीच्या अंधाराची सुरुवात एकाच ठिकाणी झाली. बीना ते ग्वाल्हेर या ४०० किलोव्होल्टच्या वाहिनीवरील एक रिले चालला आणि त्याने ती वाहिनी तोडली. वाहिनीवर कसलाही बिघाड झालेला नव्हता. तार तुटली नव्हती, झाड पडले नव्हते, वीज कोसळली नव्हती. पहाऱ्यावर ठेवलेल्या उपकरणाने जड भारालाच बिघाड समजून दार लावून घेतले, एवढेच. हा गैरसमज का होतो आणि तो टाळण्यासाठी काय करावे, या प्रश्नाभोवती ज्यांचे आयुष्य गेले, ते विद्युत्-अभियंते अरुण फडके याच ग्वाल्हेरात जन्मले होते.

शिंदेशाहीपासून ग्वाल्हेरात मराठी कुटुंबे नांदत आली आहेत. तेथे २७ ऑगस्ट १९३८ रोजी फडके यांचा जन्म झाला. आग्रा विद्यापीठाची विज्ञानशाखेची पदवी त्यांनी १९५५ साली, म्हणजे वयाच्या सतराव्या वर्षी, घेतली. त्यानंतर ते खरगपूरच्या तंत्रज्ञान संस्थेत दाखल झाले. स्वातंत्र्यानंतर देशात निघालेली या प्रकारची ती पहिली संस्था. इंग्रजी अमलात राजबंद्यांना कोंडून ठेवण्यासाठी वापरलेल्या हिजली येथील इमारतीत १९५१ साली तिचे वर्ग सुरू झाले होते. १९५९ साली तेथून अभियांत्रिकीची पदवी घेऊन ते अमेरिकेस गेले. शिकागोच्या इलिनॉय इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीतून १९६१ मध्ये एम. एस. आणि विस्कॉन्सिन विद्यापीठातून १९६४ मध्ये पीएच. डी. अशा पायऱ्या चढत, काही काळ ॲलिस-चामर्स या यंत्रसामग्रीच्या कारखान्यात आणि काही काळ अध्यापनात घालवून, १९६९ साली ते अमेरिकन इलेक्ट्रिक पॉवर या वीजकंपनीत आले. याच कंपनीने त्या वर्षी अमेरिकेतील पहिली ७६५ किलोव्होल्टची वाहिनी चालू केली होती. हा आकडा लक्षात ठेवावा. पुढे तो आपल्या भागातच पुन्हा भेटणार आहे.

फडके यांचे काम समजण्यासाठी आधी रिले म्हणजे काय ते पाहिले पाहिजे. उच्च दाबाच्या प्रत्येक वाहिनीच्या दोन्ही टोकांस एकेक पहारेकरी बसविलेला असतो. आपल्या टोकाशी दाब किती आहे आणि प्रवाह किती आहे, एवढेच त्याला दिसते. वाहिनीवर कोठे बिघाड झाला की दाब पडतो आणि प्रवाह उसळतो. दाबाला प्रवाहाने भागले असता जो आकडा येतो, त्यावरून बिघाड किती दूर आहे याचा अंदाज बांधता येतो. बिघाड जवळचा असेल तर पहारेकऱ्याने तत्काळ वाहिनी तोडावी, शेजारच्या वाहिनीवरील असेल तर अंमळ थांबून, शेजाऱ्याने आपले काम केले नाही असे दिसल्यावरच तोडावी, असा नियम असतो. या शेवटच्या, दूरवर नजर टाकणाऱ्या टप्प्याला अभियंते तिसरा पट्टा म्हणतात. घोटाळा होतो तो येथेच. जाळ्यावर भार फार चढला आणि दाब खाली आला, तर भागाकाराचा आकडा इतका लहान होतो की, पहारेकऱ्याला दूरचा बिघाड झाल्यासारखे वाटते. तो प्रामाणिकपणे वाहिनी तोडतो. तिचा भार शेजारच्या वाहिन्यांवर पडतो, त्यांचे पहारेकरीही तेच करतात, आणि काही सेकंदांत अर्धा देश काळोखात जातो.

ही कल्पनेतली भीती नव्हे. ९ नोव्हेंबर १९६५ रोजी संध्याकाळी कॅनडातील ऑन्टारिओ प्रांतातल्या एका वीजकेंद्रावर नेमका असाच एक रिले चालला, आणि न्यूयॉर्क शहरासह सुमारे तीन कोटी लोकांनी ती रात्र अंधारात काढली. त्या रिलेची मर्यादा काही वर्षांपूर्वी ठरविली होती. पुढे भार वाढत गेला. मर्यादा मात्र तीच राहिली. त्या काळी फडके विस्कॉन्सिनमधील शिक्षण आटोपून नुकतेच बाहेर पडले होते. जाळ्याची प्रकृती सतत जाणून घेतली पाहिजे, हा विचार अमेरिकेत या घटनेनंतर जोराने सुरू झाला.

संगणक तेव्हा नुकते कारखान्यांत आणि कंपन्यांत शिरू लागले होते. रिलेचे काम संगणकाकडून करवून घ्यावे, असा प्रयत्न अमेरिकन इलेक्ट्रिक पॉवरमध्ये फडके आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हाती घेतला. अडचण वेळेची होती. तीन तारांच्या वाहिनीवर बिघाडाचे दहा प्रकार संभवतात. एक तार जमिनीला लागेल, दोन तारा एकमेकींना भिडतील, तिन्ही एकत्र येतील, अशा त्यांच्या तऱ्हा. प्रत्येक तऱ्हा ओळखायची तर दर वेळी सहा निरनिराळी गणिते सोडवावी लागत, आणि तीही सेकंदाच्या शतांश-दोन शतांश भागात. तेव्हाचे संगणक इतके चपळ नव्हते. यंत्र मंद असेल तर गणितच हलके केले पाहिजे, हे फडके यांनी हेरले. चार्ल्स फॉर्टेस्क्यू या अभियंत्याने १९१८ साली तीन तारांतील असमतोल प्रवाहांची समतोल घटकांत विभागणी करण्याची एक रीत दाखविली होती. ती महाविद्यालयात शिकविली जाई आणि कागदावर वापरली जाई. त्या रीतीचा आधार घेऊन फडके यांच्या गटाने सहा गणितांच्या जागी एकच सूत्र बसविले. बिघाड कोणत्याही प्रकारचा असो, उत्तर त्या एका सूत्रातून मिळे. १९७७ मध्ये त्यांनी ही रीत प्रसिद्ध केली.

त्या रिलेचे नाव आज जाणकारांच्या पुस्तकांबाहेर फारसे कोणी घेत नाही. परंतु हे गणित करता करता जे एक घटक मिळत होते, त्याकडे फडके यांची नजर वळली, आणि त्यांचे मोठेपण या नजरेत आहे. सूत्र सोडविताना समतोल दाबाचे मान आणि त्याचा कोन ही दोन्ही दर आवर्तनाला अत्यंत अचूक मिळत होती. ती रिलेसाठी लागत होती. काम झाले की फेकून दिली जात होती. हाच कोन दूरदूरच्या ठिकाणी एकाच क्षणी मोजता आला तर? मग जाळ्याची सबंध स्थिती डोळ्यांसमोर येईल. एखादा हुशार माणूस हातातील काम संपवून पुढे गेला असता.

हा कोन म्हणजे काय, हे सांगण्यासाठी बैलजोडीचे उदाहरण पुरेसे आहे. एका जुवाला जुंपलेले दोन बैल एकाच चालीने चालतात, पण ज्याच्यावर ओढ कमी तो किंचित पुढे असतो आणि ज्याच्यावर अधिक तो किंचित मागे. त्यामुळे जू थोडे तिरपे होते. विजेच्या जाळ्यात हजार-हजार मैलांवरील जनित्रे अशीच एका चालीने फिरतात. आपल्याकडे सेकंदाला ५० आवर्तने, अमेरिकेत ६०. जेथून वीज निघते ते टोक कोनाने पुढे असते आणि जेथे ती खपते ते मागे. वाहिनीतून किती वीज वाहते आहे, हे या तिरपेपणावरून कळते. तो फार वाढला की जोते तुटते, मग दोन्हीकडची जनित्रे एकमेकांच्या चालीत राहत नाहीत. जू किती तिरपे झाले हे पाहण्यासाठी दोन्ही बैलांकडे एकाच क्षणी पाहिले पाहिजे. शेतात ते सोपे आहे. सोलापूर आणि रायचूर यांच्या बाबतीत मात्र त्यासाठी दोन्हीकडे एकच घड्याळ हवे.

आणि ते घड्याळ किती बिनचूक हवे? आपल्या ५० आवर्तनांच्या हिशेबाने एक आवर्तन सेकंदाच्या पन्नासाव्या भागात पुरे होते, आणि त्यात ३६० अंश फिरून होतात. दोन ठिकाणच्या घड्याळांत सेकंदाच्या हजाराव्या भागाचा फरक पडला, तरी कोनात १८ अंशांची चूक होते, आणि एवढ्या चुकीने सारे मोजमाप व्यर्थ ठरते. सेकंदाच्या दशलक्षांश भागाइतकी अचूकता साधली, म्हणजे चूक एका अंशाच्या पन्नासाव्या भागाहून कमी राहते. असे घड्याळ १९७०च्या दशकात कोणत्याही वीजकंपनीपाशी नव्हते. रेडिओचे संकेत वापरून काही प्रयोग झाले. ते पुरे पडले नाहीत. घड्याळ आले ते आकाशातून. जहाजे आणि विमाने यांना आपले स्थान कळावे म्हणून अमेरिकेने जीपीएस नावाची उपग्रहमाला उभारण्यास आरंभ केला होता. प्रत्येक उपग्रहावर अणुघड्याळ होते, आणि त्याची वेळ पृथ्वीवर कोठेही फुकट ऐकू येत होती. सांबऱ्याच्या विमानतळावर उतरणारे विमान ज्या उपग्रहांवरून आपली जागा ओळखते, त्याच उपग्रहांवरून उपकेंद्रातील यंत्र आपली वेळ लावून घेते.

१९८२ साली फडके व्हर्जिनिया टेक या विद्यापीठात प्राध्यापक झाले. कॉर्नेल विद्यापीठाचे जेम्स थॉर्प १९७६-७७ मध्ये वर्षभर वीजकंपनीत येऊन राहिले असता दोघांचा परिचय झाला होता. पुढे तो आयुष्यभराच्या सहकार्यात बदलला. मार्क ॲडामियाक यांच्यासह या दोघांनी १९८३ साली दाबाचा कोन आणि वारंवारता मोजण्याची रीत सविस्तर मांडली, आणि १९८८ मध्ये विद्यापीठाच्या प्रयोगशाळेत तसे पहिले यंत्र तयार झाले. त्याला फेझर-मापक असे म्हणता येईल. उपग्रहमाला तेव्हा पुरी झालेली नव्हती. काही वेळ आकाशात पुरेसे उपग्रहच नसत. म्हणून यंत्राने अधूनमधून स्वतःच्या स्फटिकाच्या घड्याळावर निभावून न्यावे, अशी तजवीज करावी लागली होती. प्रयोगशाळेत बनविलेली ही यंत्रे दोन-तीन मोठ्या वीजसंस्थांच्या उपकेंद्रांत बसविली गेली, आणि १९९०च्या दशकाच्या आरंभी ती बाजारातही आली.

येथे सरळ रेषेत यश आले असे मात्र नव्हे. पंधरा वर्षे बहुतेक वीजकंपन्यांनी या यंत्रांकडे हौसेची वस्तू म्हणून पाहिले. जाळे चालते आहे, मग त्याचा कोन कशाला पाहायचा? १४ ऑगस्ट २००३ रोजी या प्रश्नाचे उत्तर मिळाले. ओहायो राज्यात वाहिन्या झाडांना लागून एकामागून एक बंद पडत गेल्या. तेथील नियंत्रण-कक्षातील इशाऱ्याची संगणक-यंत्रणा मुकी झाली होती, त्यामुळे कर्मचाऱ्यांना काही कळलेच नाही. अखेर एका मोठ्या वाहिनीचा रिले आपल्या तिसऱ्या पट्ट्यात भाराला बिघाड समजून चालला, आणि अमेरिका व कॅनडा मिळून सुमारे पाच कोटी लोकांची वीज गेली. चौकशी करणाऱ्यांपुढे तर निराळेच संकट उभे राहिले. ठिकठिकाणच्या नोंदींवरील घड्याळे एकमेकांशी जुळत नव्हती, म्हणून कोणती घटना आधी घडली आणि कोणती मागून, हे लावण्यातच त्यांचा पुष्कळ काळ गेला. एकाच घड्याळावर चालणाऱ्या नोंदणी-यंत्रांची शिफारस त्यांच्या अहवालात आली, त्यात नवल नाही. त्यानंतरच्या दहा-बारा वर्षांत अमेरिकेत अशी हजाराहून अधिक यंत्रे बसली.

मानसन्मानांची यादी देण्याची गरज नाही. अमेरिकेच्या राष्ट्रीय अभियांत्रिकी अकादमीने १९९३ मध्ये फडके यांना सदस्यत्व दिले, आणि २००८ चे बेंजामिन फ्रँकलिन पदक त्यांना व थॉर्प यांना मिळून लाभले. त्याहून महत्त्वाचे त्यांचे एक मत आहे. वाहिन्या पहारेकऱ्याने तोडाव्यात की न तोडाव्यात, याबाबत अभियंत्यांची परंपरा तोडण्याच्या बाजूची होती. चुकून एखादी चांगली वाहिनी तुटली तरी चालेल, पण बिघडलेली वाहिनी जोडलेली राहता कामा नये. जाळे निरोगी असताना हे बरोबर आहे, कारण एक वाहिनी गेली तर दुसऱ्या चार असतात. परंतु जाळे आधीच ताणलेले असताना चुकून तुटलेली एक वाहिनीच प्राणघातक ठरते. म्हणून रिलेने जाळ्याची प्रकृती पाहून आपला स्वभाव बदलावा, असे फडके आणि थॉर्प यांनी सुचविले. मोक्याच्या ठिकाणी तीन रिले ठेवावेत. एरवी त्यांपैकी एकाने सांगितले तरी वाहिनी तुटावी, पण ताणाच्या वेळी तिघांपैकी दोघांचे एकमत झाल्याखेरीज तुटू नये. आणि ताण आहे की नाही हे सांगणार कोण? दूरदूरचे कोन मोजणारी तीच यंत्रे.

२०१२ साली आपल्याकडे ही यंत्रे मोजकीच होती. उत्तर भारतात नमुन्यादाखल काही बसविली होती. त्यांच्या नोंदींचा चौकशी समितीला उपयोग झाला, अंधार टाळण्यास मात्र झाला नाही. त्याचा दोष यंत्रांना देता येणार नाही. काही वाहिन्या आधीच बंद होत्या, उरलेल्यांवर भार चढला होता, आणि ठरल्यापेक्षा अधिक वीज ओढू नका, ही नियंत्रण-केंद्राची सूचना राज्यांच्या केंद्रांनी पुरेशी मनावर घेतली नव्हती. समितीने हे सारे नमूद केले आहे. जू किती तिरपे झाले हे यंत्र दाखवील. बैलांना थोपविण्याचे काम हाकणाऱ्यानेच करावे लागते.

३१ डिसेंबर २०१३ च्या रात्री रायचूर ते सोलापूर ही सुमारे दोनशे किलोमीटरची ७६५ किलोव्होल्टची वाहिनी चालू झाली, आणि दक्षिणेचे जाळे उर्वरित देशाशी एका ठेक्यात आले. तोवर उत्तर-दक्षिण देवघेव चाले ती चंद्रपूर जिल्ह्यातील भद्रावतीसारख्या ठिकाणी, प्रवाह एकदिश करून व पुन्हा पलटवून. त्यात दोन्ही जाळ्यांची चाल निराळी राहिली तरी बिघडत नसे. आता निपाणीतील पंखा आणि कागलमधील पंखा, सांबऱ्याचा दिवा आणि ग्वाल्हेरचा दिवा एकाच आवर्तनाने चालू लागले. पंजाबातील मोठे जनित्र बंद पडले तर त्याचा धक्का काही क्षणांत बेळगावापर्यंत पोहोचणार, हेही त्याबरोबर आले.

दोन प्रचंड जाळी अशा बारीक दुव्याने जोडली की, त्यांच्यामध्ये मंद हेलकावे उठतात. काही सेकंदांचा एक झोका, कधी विरणारा, कधी वाढत जाणारा. नियंत्रण-कक्षातील जुनी यंत्रणा काही सेकंदांनी एकदा आकडा आणते, म्हणून तिला हा झोका दिसतच नाही. फेझर-मापक सेकंदाला २५ किंवा त्याहून अधिक वेळा कोन सांगतो. २०१२ नंतर राबविलेल्या देशव्यापी योजनेत पहिल्याच टप्प्यात अशी हजाराहून अधिक यंत्रे उपकेंद्रांत बसविण्याचे ठरले, आणि दक्षिणेचे बेंगळुरू येथील व पश्चिमेचे मुंबई येथील नियंत्रण-केंद्र हा झोका उठताक्षणीच पाहू लागले.